बघे पुष्कळ, गिऱ्हाईक थोडे

मध्य व्हिएतनामात, थू बोन नदीच्या मुखाजवळ वसलेल्या होई आन या जुन्या बंदराच्या गावी उतरलेल्या प्रवाशापुढे ज्या अनेक करमणुकी मांडल्या जातात, त्यांत सायकलवरून खेड्यापाड्यांत हिंडण्याच्या आणि वाटेत ग्रामीण कारागिरांचे हातकाम पाहण्याच्या अर्ध्या दिवसाच्या फेरीला हल्ली बराच वरचा मान मिळू लागला आहे. सकाळच्या गारव्यात निघावे, भातखाचरांच्या कडेने आणि नारळी-केळींच्या सावलीतून रमतगमत सायकल हाकावी, कोठे चटई विणणाऱ्या बायकांपाशी, कोठे होडी बांधणाऱ्या सुतारापाशी, कोठे तांदळाचे पापड वाफवणाऱ्या घरापाशी दहा-पंधरा मिनिटे थांबावे, चार छायाचित्रे घ्यावीत, माग किंवा कुंभाराचे चाक क्षणभर आपल्याही हाताने चालवून पाहावे आणि ऊन चढण्यापूर्वी मुक्कामी परतावे, असा या फेरीचा एकंदर क्रम असतो. या फेरीविषयी दोन मते ऐकू येतात. एका पक्षाच्या मते अस्सल ग्रामजीवनाचे दर्शन घडवणारी आणि लोपत चाललेल्या कलांना आधार देणारी याहून निरुपद्रवी सहल दुसरी नाही. दुसऱ्या पक्षाच्या मते हे सारे परदेशी डोळ्यांसाठी उभे केलेले नाटक असून त्यात खेड्याच्या अब्रूचा लिलाव तेवढा होतो. दोन्ही पक्षांचा दोष एकच आहे. दोघांचीही नजर प्रवाशाच्या मनावर खिळलेली आहे. कारागिराची जमाखर्चाची वही उघडून पाहण्याची तसदी कोणीच घेत नाही. ती उघडली तर अस्सल आणि बनावट या वादाला फारसा अर्थ उरत नाही, आणि त्या जागी एक साधा व्यवहारी प्रश्न उभा राहतो: या घरात तयार होणारी वस्तू, आपण सायकल वळवून निघून गेल्यावर, विकत कोण घेतो?

हा प्रश्न होई आनच्या बाबतीत विशेष प्रस्तुत ठरतो, कारण तेथील हुन्नरांचा जन्मच मुळी गिऱ्हाइकीतून झालेला आहे. पंधराव्या शतकापासून एकोणिसाव्या शतकापर्यंत होई आन हे पूर्वेकडील सागरी व्यापाराचे एक नामांकित ठाणे होते. चिनी आणि जपानी व्यापाऱ्यांच्या वसाहती तेथे होत्या, पोर्तुगीज आणि डच गलबते तेथे लागत असत. एवढ्या मोठ्या बंदराला होड्या बांधणारे आणि घरे उभारणारे सुतार हवे होते, ते नदीपलीकडच्या किम बाँगने पुरवले. कौले, विटा आणि मडकी हवी होती, ती थान्ह हाने भाजली. रोजच्या जेवणाला पालेभाजी हवी होती, ती ट्रा क्वेने पिकवली. निजायला-बसायला चटया हव्या होत्या, त्या नदीच्या दक्षिणेकडील लव्हाळ्याच्या मुलखाने विणल्या. म्हणजे आज ज्यांना आपण कलाग्रामे म्हणून गौरवतो, ती खेडी एका भरभराटीच्या पेठेचे पुरवठाखाते होती. पुढे नदीचे मुख गाळाने भरत गेले, मोठी जहाजे आत येईनाशी झाली, फ्रेंच हुकुमतीत व्यापार सुमारे 30 किलोमीटरवरील दा नांगकडे वळला, आणि होई आन गरिबीत निपचित पडून राहिले. त्या गरिबीनेच ते वाचवले, कारण जुनी घरे पाडून नवी बांधण्याइतका पैसा कोणापाशी नव्हता. अमेरिकेशी झालेल्या युद्धातही त्याची फारशी नासधूस झाली नाही. काझिमिएझ क्वियात्कोव्स्की या पोलिश वास्तुतज्ज्ञाने 1980 नंतरच्या दशकात या गावाचे मोल जाणले आणि ते इतरांस पटवले. 1997 मध्ये तो वारला, आणि दोनच वर्षांनी, 1999 मध्ये, युनेस्कोने होई आनची नोंद जागतिक वारशाच्या यादीत केली. तेव्हापासून गावात प्रवासी आले, पाठोपाठ पैसा आला, आणि जुन्या पुरवठाखात्याच्या दारी बघ्यांची रांग लागली.

ही रांग सायकलवरून येते, याला इतिहासाचाही एक संदर्भ आहे. 1954 साली फ्रेंचांविरुद्धच्या दिएन बिएन फूच्या लढाईत व्हिएतनामी पक्षाची रसद डोंगरांतून ज्या साधनांनी पोहोचली, त्यांत सायकलींचा वाटा फार मोठा होता. हँडलला आणि बैठकीला बांबूचे दांडे बांधून, दोन-दोनशे किलोंहून अधिक ओझे लादून, माणसे त्या सायकली हाताने ढकलत नेत असत. 1986 मध्ये ‘दोई मोई’ या नावाने आर्थिक धोरणाची दिशा बदलण्यात आली, त्यानंतरही काही वर्षे सायकल हेच सामान्य माणसाचे वाहन होते. आज त्या देशात नोंदलेल्या मोटारसायकलींची संख्या सात कोटींच्या वर गेली आहे, आणि सायकल उरली आहे ती प्रामुख्याने शाळकरी मुलांसाठी, म्हाताऱ्यांसाठी आणि परदेशी पाहुण्यांसाठी. तरीही या फेरीसाठी सायकलची निवड योग्यच आहे. होई आनसमोरच्या कॅम किम बेटावर जाणारा पूल इतका अरुंद आहे की त्यावरून बस जाऊच शकत नाही, आणि जेथे बस जात नाही तेथे एका वेळी पन्नास माणसेही उतरत नाहीत. सायकलवरचा मनुष्य चिखलाचा वास घेतो, कुंपणाआडच्या म्हशीला वाट देतो आणि अंगणात वाळत घातलेल्या तांदळाच्या पापडांना चाक लागू नये म्हणून उतरून चालतो. एवढ्याने तो शहाणा होतो असे नाही, पण त्याची घाई थोडी कमी होते आणि पाहण्याजोगे जे असते ते निदान दिसते तरी.

जे दिसते त्यातील एक दृश्य जवळून न्याहाळण्यासारखे आहे. चटईचा माग जमिनीपासून थोड्याच उंचीवर आडवा ताणलेला असतो; तागाच्या सुतळीचा ताणा या टोकाच्या दांड्यापासून त्या टोकाच्या दांड्यापर्यंत ओढून घेतलेला असतो. एक बाई मागावरच बसते आणि जड लाकडी फणी दोन्ही हातांनी पेलते. दुसरी तिच्या बाजूला बसून, वाळवून रंगवलेल्या लव्हाळ्याची एकेक काडी लांब, सडपातळ बांबूच्या टोकाला अडकवते आणि ताण्यातून सरळ आत लोटते. फणी एकदा पुढे कलली की सुतळ्यांची एक रांग वर उचलली जाते, मागे कलली की दुसरी. बांबू आत गेला, काडी सोडून रिकामा परत आला, की फणी धप्पकन खाली येते आणि काडी आपल्या जागी घट्ट बसते. मग दोन्ही कडांशी काडीची टोके मुडपून आत दाबली जातात. लाल, हिरवी, पिवळी, जांभळी, पुन्हा साधी, असा रंगांचा जो क्रम नक्षीत उमटतो, तो कोठे कागदावर काढलेला नसतो; काडी लोटणाऱ्या बाईच्या ध्यानातच तो असतो, आणि बोलताबोलताही तिचा हात चुकीच्या जुडीकडे जात नाही. लव्हाळा कापणे, चिरणे, उन्हात वाळवणे, रंगाच्या उकळत्या पाण्यात बुडवणे आणि पुन्हा वाळवणे, एवढे सोपस्कार झाल्यावर विणकामाला आरंभ होतो, आणि एका मोठ्या चटईपायी दोन बायकांचे कित्येक तास खर्ची पडतात.

प्रवासी तेथे थांबतो तो त्या कित्येक तासांतील काही मिनिटे. त्याला बांबू हाती घेऊ देतात, काडी वाकडी जाते, सगळे हसतात, फोटो निघतो; तो वाकडा गेलेला भाग तो गेल्यावर उसवून पुन्हा विणावा लागतो, ही गोष्ट बहुधा त्याच्या कानावर येत नाही. चटई तो क्वचितच घेतो, कारण ती मोठी असते आणि प्रवासाचे आणखी चार टप्पे बाकी असतात. शेजारच्या व्हिएतनामी घरांनीही ती घेणे बरेच कमी केले आहे, कारण प्लॅस्टिकची चटई स्वस्त पडते, धुता येते आणि बरीच वर्षे टिकते, शिवाय ज्यांच्या घरी गादी आली त्यांना चटईची गरज पूर्वीइतकी उरली नाही. तेव्हा माग चालू राहतो तो कशावर? सहलीच्या शुल्कातून यजमान घराला जो लहानसा वाटा मिळतो त्यावर, आणि पाहुण्याने जाताना हातावर ठेवलेल्या नोटेवर. शुल्काचा मोठा भाग गावातील सहल भरवणाऱ्याकडे, वाटाड्याकडे आणि सायकलींच्या भाड्याकडे जातो, यात त्यांचा काही अपराध नाही. व्यवहार तसाच चालणार. परंतु परिणाम असा होतो की, विणकरणीला एक चटई पुरी करण्यापेक्षा तीच चटई अर्धवट अवस्थेत मागावर ठेवणे अधिक फायद्याचे ठरू लागते. ज्या दिवशी अपुरी वस्तू पुऱ्या वस्तूपेक्षा अधिक मिळवून देते, त्या दिवशी तो धंदा, बाहेरून कितीही साजरा दिसला, तरी आतून संपलेला असतो.

माझे म्हणणे थोडक्यात एवढेच आहे. कसब जगते ते गिऱ्हाइकावर. बघ्यांच्या गर्दीवर ते फार काळ तग धरीत नाही. गिऱ्हाईक वस्तू वापरतो, म्हणून तो तक्रार करतो. वीण सैल आहे, रंग उतरला, मडके गळते, असे तो परत येऊन सांगतो, आणि त्याच्या त्या कुरकुरीतूनच कारागिराचा हात सुधारतो आणि सुधारलेला टिकतो. बघ्या कधीच तक्रार करीत नाही. त्याला सगळेच छान वाटते, आणि ज्याला सगळेच छान वाटते त्याच्यासमोर हात हळूहळू आळसावतो. आपल्याकडील बलुतेदारीत अन्याय पुष्कळ होता आणि ती गेली याचे दुःख करण्याचे कारण नाही. पण तीतही ज्याचा नांगर मोडला तो शेतकरी सुताराच्या दारात येऊन उभा राहत असे, आणि सुताराचे काम चांगले की वाईट याचा निकाल पुढच्याच पावसाळ्यात लागत असे. वापर हाच कारागिरीचा खरा परीक्षक असतो.

या कसोटीवर होई आनच्या भोवतीची खेडी लावून पाहिली, तर एकाच सहलीत दाखवली जाणारी ठिकाणे किती भिन्न प्रकृतीची आहेत ते ध्यानात येते. गावाच्या उत्तरेस अवघ्या दोन-तीन किलोमीटरांवर असलेल्या ट्रा क्वेचे उदाहरण घ्यावे. सुमारे 18 हेक्टर जमिनीवर दोनशेच्या आसपास कुटुंबे तेथे पालेभाज्या आणि सुवासिक पाला पिकवतात: तुळशीच्या जाती, पुदिना, कोथिंबीर, पातीचा कांदा, सॅलडची पाने. वाफे रेताड जमिनीत सरळ, एकाशेजारी एक. जवळच्या खाजणातून काढलेले पाणशेवाळ खत म्हणून त्यांत पुरण्याची तेथील जुनी वहिवाट आहे. शेतकरी खांद्यावर कावड घेतो, तिच्या दोन्ही टोकांना रुंद तोंडाच्या झाऱ्या टांगलेल्या असतात, आणि दोन वाफ्यांमधून चालताना दोन्ही हातांनी त्या एकाच वेळी कलत्या करून तो दुतर्फा पाणी शिंपडत जातो. प्रवाशालाही ती कावड खांद्यावर देतात, आणि तो पाण्याबरोबर स्वतःलाही भिजवून घेतो. पण तो आला काय किंवा न आला काय, सकाळी खुडलेला पाला होई आनच्या बाजारात आणि स्वयंपाकघरांत जायचाच असतो, कारण त्या भागातील शेवयांच्या वाडग्यावर हा पाला घातल्यावाचून जेवण पुरे होत नाही. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने 2024 मध्ये उत्कृष्ट पर्यटन-ग्रामांत ट्रा क्वेची गणना केली, हे उचित झाले; परंतु ते गाव पर्यटनासाठी उत्कृष्ट आहे याचे कारण ते पर्यटनावर अवलंबून नाही, हेही त्याबरोबर सांगितले गेले पाहिजे. ट्रा क्वेचा पाला ज्या खानावळींत जातो त्यांत परदेशी माणसे जेवतात, हे खरे. पण तेथे ती बघे नसतात, पाला शिळा असला तर ताट परत पाठवणारी गिऱ्हाइके असतात.

‘काओ लाउ’ नावाच्या होई आनच्या खास जाडसर शेवयांचेही तसेच आहे. तांदूळ राखेच्या निवळीत भिजवून त्या करतात, आणि त्या करणारी घराणी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी आहेत. त्यांच्याकडे कोणी फिरकले नाही तरी भल्या पहाटे माल गावात पोहोचतो, कारण गावकऱ्यांना तो रोज लागतो.

थान्ह हाच्या कुंभारवाड्याची स्थिती मधली आहे. गावाच्या पश्चिमेस सुमारे 3 किलोमीटरांवर, नदीकाठच्या मातीच्या आधाराने सोळाव्या शतकाच्या सुमारास वसलेल्या या वस्तीत जुन्या रीतीने चाक फिरते ते दोघींच्या मेळाने: एक बाई उभी राहून पायाने चाकाला गती देते, दुसरी खाली बसून मातीला आकार देते. बहुधा पायाशी तरुण असते आणि मातीशी वृद्ध, कारण पायाला बळ लागते आणि हाताला वर्षे लागतात. पाण्याचे रांजण आणि स्वयंपाकाची मडकी हे या वस्तीचे मूळचे उत्पन्न. ॲल्युमिनियम आणि प्लॅस्टिक आल्यावर ते उत्पन्न आटले. त्यानंतर ती सावरली ती काही अंशी पाहुण्यांकडून घेतल्या जाणाऱ्या प्रवेशशुल्कावर आणि फुंकली की वाजणाऱ्या मातीच्या लहानसहान प्राण्यांवर, तर काही अंशी होई आनच्या जुन्या घरांच्या छपरांवर, कारण त्या छपरांना कौले आणि जमिनीला फरशा अद्याप लागतात. पहिल्या मिळकतीवर घर चालते, पण दुसरी जोवर आहे तोवरच भट्टीवर बसणाऱ्या माणसाला भाजणीची पारख ठेवावी लागते. वाजणारा मातीचा हत्ती थोडा कच्चा राहिला म्हणून कोणाचे काही बिघडत नाही. कच्चे राहिलेले कौल मात्र पहिल्याच पावसात उघडे पडते.

गिऱ्हाईक पूर्णपणे हरवले आणि बघे मात्र अमाप झाले, की काय होते, हे पाहायचे असेल तर गावाच्या पूर्वेस कॅम थान्हच्या खाडीत जावे. खाऱ्या पाण्यात उगवणाऱ्या बुटक्या माडांचे ते बन युद्धकाळात गनिमी लढवय्यांचे आश्रयस्थान होते. तेथील कोळ्यांची गोल टोपलीसारखी होडी हा बुद्धिमत्तेचा एक सुरेख नमुना आहे: बांबूच्या चोयांची घट्ट वीण, तिच्या फटी बुजवण्यासाठी शेणाचा लेप आणि त्यावर झाडाच्या तेलकट राळेचे थर, वल्हे पुढच्या बाजूने आठाच्या आकड्यासारखे फिरवले की ही होडी लाटेवर बुचासारखी तरंगत पुढे जाते. आज त्या खाडीत कर्णकर्कश गाणी लावून होड्या भोवऱ्यासारख्या गरगरा फिरवल्या जातात, प्रवासी किंचाळतात आणि टाळ्या पिटतात. वल्हवणाऱ्याला त्यातून मासेमारीपेक्षा अधिक कमाई होते, आणि पोट भरणाऱ्या माणसाला नावे ठेवण्याचा अधिकार आपल्याला नाही. पण गरगर फिरण्यासाठी होडी उत्तम असावी लागत नाही, ती राळेची असो की प्लॅस्टिकची. म्हणून या खेळातून होडी बांधण्याचे कसब टिकेल अशी आशा कोणी बाळगू नये.

याच्या उलट अनुभव किम बाँगच्या सुतारांचा आहे, आणि माझ्या मते या संपूर्ण प्रकरणाचा बोध त्यात आहे. होई आनची घरे, मंदिरे आणि होड्या यांवर ज्यांच्या पूर्वजांचा हात फिरला, आणि ज्यांना ह्युए या जुन्या राजधानीतील राजवाड्यांच्या कामावरही बोलावणे गेले होते, त्या सुतारांचा धंदा विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जवळजवळ बसला होता. तो उठला त्यास जुन्या गावाच्या जतनाचा कायदेकानू मोठ्या प्रमाणात कारण झाला. जुन्या घराच्या डागडुजीत मूळ रचना राखणे बंधनकारक झाल्यावर, खांबाचा कुजलेला भाग काढून नवे लाकूड सांध्यात बेमालूम बसवणारा, तुळईच्या टोकावरील कोरीव काम जुन्याशी जुळवणारा मनुष्य हवाच झाला, आणि तो नदीपलीकडे सापडला. म्हणजे सरकारी दप्तराने, कदाचित तसा उद्देश नसतानाही, सुतारांना मानपत्राऐवजी काम दिले. ज्या कारखान्यात पाहुणे शोभेच्या मूर्ती पाहतात, तेथे तरुण हाताला खरे वळण लागते ते अशा कामांवर.

येथे एक आक्षेप प्रामाणिकपणे विचारात घेतला पाहिजे. पर्यटनाने नवे कसबही जन्माला घातले आहे, असे कोणी म्हणेल, आणि होई आनच्या रेशमी कंदिलांकडे बोट दाखवील. 1998 पासून दर चांद्रमासाच्या चतुर्दशीला जुन्या गावात विजेचे दिवे मंदावून कंदील लावण्याची प्रथा सुरू झाली. कंदिलांची मागणी वाढली, आणि बांबूच्या कामट्यांचा सांगाडा छत्रीसारखा मिटून सामानात ठेवता येईल अशी युक्ती कारागिरांनी साधली. हा आक्षेप खरा आहे, आणि तो माझ्या म्हणण्याला बळकटीच आणतो. कंदिलाच्या बाबतीत प्रवासी पाहून निघून गेला नाही; त्याने वस्तू घेतली, ती पेटीत मावत नाही अशी कुरकुर केली, आणि त्या कुरकुरीने कारागिराला नवा विचार करायला लावले. परका मनुष्यही गिऱ्हाईक होऊ शकतो. त्याने व्हायचे मनात आणले पाहिजे, आणि सहलीची आखणी त्याला तसे होऊ देणारी असली पाहिजे.

दुसरा आक्षेप अधिक कठोर आहे. विणकरणीच्या मुलीला मागावर बसायचे नसेल, तिला हॉटेलातील स्वागतकक्षात थंड हवेत काम करायचे असेल, तर तिला मागाला बांधून ठेवण्याचा आग्रह धरणारे आपण कोण? हा प्रश्न रास्त आहे, आणि तिला कोणी बांधून ठेवू नये. पण मुली मागाकडे पाठ फिरवतात ते कष्टांना भिऊन, असे समजणे हा त्यांच्यावर अन्याय आहे. हॉटेलातील कामही कष्टाचेच असते. त्या पाठ फिरवतात, कारण चटईला भाव नाही हे त्यांनी आईच्या हातावरील नोटा मोजताना पाहिलेले असते. भाव आला तर त्यांतील काहीजणी राहतील, काही जातील, आणि जो धंदा स्वेच्छेने पत्करलेल्या थोड्या हातांवर चालतो तो दयेवर चालणाऱ्या अनेक हातांपेक्षा चिवट असतो.

सरकारदरबारी या विषयाकडे कसे पाहिले जाते, हेही तपासण्याजोगे आहे. व्हिएतनामच्या 2018 च्या शासकीय आदेशानुसार गावाला कारागिरांचे गाव म्हणून मान्यता मिळण्यासाठी तेथील निदान 20 टक्के कुटुंबे ग्रामीण उद्योगांत असावी लागतात, आणि एखादा धंदा पारंपरिक ठरण्यासाठी तो त्या ठिकाणी 50 वर्षांहून अधिक काळ चालत आलेला असावा लागतो. त्याच साली ‘प्रत्येक गावाचे एक उत्पादन’ ही योजना देशभर सुरू झाली; जपानच्या ओइता प्रांतात 1979 मध्ये निघालेल्या चळवळीवरून ती घेतलेली असून तीत मालाची पारख करून त्याला तारे बहाल केले जातात. या दोन्ही तजविजी हेतूने चांगल्या आहेत, आणि कुटुंबांची शिरगणती करणे निदान पाहुण्यांची शिरगणती करण्यापेक्षा शहाणपणाचे आहे. पण किती घरे माल करतात हे मोजणारे दप्तर, तो माल कोठे खपतो आणि त्यातील किती वापरात येतो हेही मोजू लागेल, तर कोणते गाव जिवंत आहे आणि कोणते केवळ पाहुण्यांसाठी रोज सकाळी उघडले जाते, याचा उलगडा त्याला आपोआप होईल. 1 जुलै 2025 पासून होई आन ज्यात मोडत होते तो कुआंग नाम प्रांत दा नांग शहरात विलीन झाला आणि होई आन त्या मोठ्या नगरशासनाखाली आले. मोठ्या शासनाला मोठ्या आकड्यांचा मोह असतो, म्हणून ही मोजणी आताच सुरू झालेली बरी.

आपल्या लोकांचा या विषयाशी संबंध दुहेरी आहे. एक संबंध फार जुना. होई आनपासून सुमारे 40 किलोमीटरांवर मी सन येथे चंपा राज्याची शिवालये आहेत. चौथ्या शतकाच्या अखेरीस भद्रवर्मा राजाने भद्रेश्वराची स्थापना केली तेव्हापासून तेराव्या शतकापर्यंत तेथे मंदिरे उठत राहिली, आणि त्यांच्या शिळांवर संस्कृत लेख कोरले गेले. 1969 च्या अमेरिकी बॉम्बफेकीत त्यांतील सर्वांत भव्य मंदिर ढासळले. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याने 2017 पासून काही वर्षे तेथे जीर्णोद्धाराचे काम केले, आणि 2020 मध्ये त्या कामात एक अखंड शिवलिंग मातीखालून वर आले. तेथे विटेवर वीट इतकी नेमकी बसवलेली आहे की दोहोंमधला सांधा दिसत नाही. तो कशाने साधला याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत, आणि होड्यांना आजही लावतात त्याच झाडाची राळ त्यासाठी वापरली असावी, असे काहींचे मत आहे. एवढे प्रगत कसब लुप्त का झाले? देवालये बांधवून घेणारे राजे उरले नाहीत, म्हणजेच गिऱ्हाईक उरले नाही. त्यानंतर कोणाच्याही कौतुकाने ते परत आले नाही. आज तज्ज्ञांना विटांचे तुकडे तपासून ते हुडकावे लागते आहे.

दुसरा संबंध नवा. मुंबईहून व्हिएतनामला थेट विमाने जाऊ लागल्यापासून मराठी प्रवाशांचे जथे दा नांगला उतरतात, दोन विशाल हातांनी तोलून धरल्याचा भास करणारा 2018 चा सुवर्णपूल पाहतात, संध्याकाळी होई आनचे कंदील पाहतात आणि दुसऱ्या दिवशी पुढच्या शहरी जातात. या धावपळीत खेड्यांतील अर्ध्या दिवसाला जागा मिळावी, असे मी सुचवीन. मात्र सहल ठरवताना एक प्रश्न विचारावा: आम्ही नसतो तेव्हा ही वस्तू कोण घेते? वाटाड्याला उत्तर देता आले, तर त्या जागी निर्धास्तपणे थांबावे. उत्तर नसेल, तर तेथे जे दाखवले जाते ते प्रात्यक्षिक आहे असे समजून, बक्षिसीऐवजी ठरवलेली रास्त मजुरी मोजावी आणि ती यजमानाच्याच हाती पडते ना, हे सहल भरवणाऱ्याकडून आधी लेखी घ्यावे. प्रात्यक्षिक देणे हेही काम आहे, आणि त्याला भीक म्हणून पैसे देण्याची रीत दोघांनाही लाजिरवाणी आहे. आणि एखाद्या घरी वस्तू मनास आली, तर ती वापरण्यासाठी घ्यावी, दिवाणखान्यात टांगण्यासाठी नव्हे. लव्हाळ्याची लहान चटई गुंडाळली की सामानात सहज मावते. ती घरी आणून, तिच्यावर बसून, दोन वर्षांनी कड उसवली तेव्हा चिडून पत्र लिहिणारा एक मनुष्य त्या मागाच्या जितका उपयोगी पडेल, तितके तिची हजार छायाचित्रे काढून नेणारे पडणार नाहीत.